कट-कट

हिंदमातापासून हाकेच्या अंतरावरचं हे यार्ड. मे महिना, रस्ता ठणठणीत कोरडा. ट्रॉलीवरचा जनरेटर उघडून फिटरदादा त्यात डोकं घालून बसलेत. पाणी भरलं की उपसा करणारे पंप याच्याच जिवावर चालायचे. २६ जुलै २००५ ला सांताक्रूझला एका दिवसात ९४४ मिलिमीटर पाऊस झाला. अशा दिवशी मेकॅनिक येणार कुठून?

बॅटरीला मीटर लावला. १२.४ व्होल्ट. हेल्पर खूश.
‘चांगली आहे ना, दादा?’
‘मीटरचं काय ऐकतोस? हायड्रोमीटर आण.’

सहा सेल. हायड्रोमीटर सेलमधल्या ॲसिडची घनता दाखवतो; आकडा घसरला की सेल उतरलेला. पाचांत रीडिंग बाराशे पन्नासच्या आसपास, सहाव्यात अकराशे साठ. स्टार्टर दाबला. कट-कट, कट-कट. व्होल्टेज आठच्याही खाली. नुसत्या उभ्या बॅटरीचा आकडा असा फसवतो. एक सेल बसला की अख्खी बॅटरी बसली.

टर्मिनलवर हिरवट-पांढरा थर चढलाय. आतून ॲसिडची वाफ, बाहेरून खारा वारा. मुंबईत तांब्याला दोन्हीकडून मार. गरम पाण्यात खायचा सोडा, ब्रशने घासणं, वायरीच्या टोकाचे लग आवळणं, वर पेट्रोलियम जेली. पाव तासाचं काम, पण नेमकं हेच राहून जातं.

आता ऑल्टरनेटर, म्हणजे वीज तयार करणारा भाग. आधी एव्हीआरच्या, म्हणजे व्होल्टेज सांभाळणाऱ्या कार्डाच्या वायरी सोडवायच्या, नाहीतर इन्सुलेशन तपासणाऱ्या मेगरच्या ५०० व्होल्टने ते कार्डच उडायचं. रीडिंग एक मेगाओहमच्याही खाली. वाइंडिंगने ओल धरलीय. रात्रभर आत दोनशे वॉटचा बल्ब पेटता ठेवला, सकाळी काटा वीसच्या पुढे.

बऱ्याच ठिकाणी जनरेटर दर आठवड्याला पाच मिनिटं रिकामा फिरवतात आणि रजिस्टरवर सही करतात. ही सही काय कामाची, मला कळलेलं नाही. भाराशिवाय इंजिन पुरेसं तापत नाही, अर्धवट जळलेलं डिझेल सायलेन्सरमध्ये काळं चिकट होऊन साचतं. निदान तीस टक्के लोड द्यायलाच हवा.

म्हणून यार्डातल्या हौदात पंप सोडला. आवाज झकास, पाइपातून मात्र नुसती बारीक धार. दादा हसले.
‘उलटा फिरतोय. गेल्या वर्षी केबल जोडताना फेज बदलला कोणीतरी.’

जनरेटर बंद केला, दोन वायरी अदलाबदल केल्या, पुन्हा चालू. चपटा होज फुगला, ताठ झाला, आणि पाणी थेट समोरच्या भिंतीवर. हेल्पर चिंब. तसाच ओला जाऊन तो आधी रंगीत टेप शोधायला लागला, वायरींवर खूण करायला.