तोंड दिसत नाही, म्हणून काय झालं?

नमस्कार मंडळी. गोव्यातल्या फोंड्याहून बोलतोय. विषय जरा अवघड आहे: परवानगीशिवाय पसरवलेले खासगी व्हिडिओ. पण सरळच बोलूया.

समजा, देवळाच्या उत्सवातलं नाटक. रंगपटात कुणीतरी गंमत म्हणून मोबाइल चालू केला आणि मागे कपडे बदलणारी मुलगी त्यात आली. बारा सेकंदांचा व्हिडिओ. टाकणारा म्हणतो, 'अहो, तोंड कुठे दिसतंय?'

तोंड कशाला हवं? आपल्याकडे आवाजावरून, बाल्कांवच्या (घरापुढच्या ओसरीच्या) खांबावरून, तुळशीवृंदावनाच्या रंगावरूनसुद्धा घर ओळखतात. सकाळी पाव घेऊन पोदेर यायच्या आत वाड्यावर चर्चा. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारात गेलात तरी तीन नातेवाईक भेटतात, मग ती मुलगी लपणार कुठे?

आणि गंमत बघा. जानेवारी २०२३ मध्ये आपल्याच पर्यटन खात्याने पर्यटकांना बजावलं होतं: अनोळखी माणसांचे फोटो परवानगीशिवाय काढू नका, विशेषतः समुद्रात पोहताना किंवा ऊन खात पडलेली असताना. पाहुण्यांना नियम, आणि जत्रेत आपण?

आता कायदा. खासगी क्षणाचं शूटिंग बाईने करू दिलं, पण पसरवायला परवानगी दिली नाही, तर पसरवणं गुन्हा आहे. भारतीय न्याय संहिता, कलम ७७. पहिल्या वेळी किमान १ वर्ष, जास्तीत जास्त ३ वर्षं कैद. व्हिडिओ पुरुषाचा असेल तर? आयटी कायद्याचं ६६ई कलम स्त्री-पुरुष भेद करत नाही: ३ वर्षांपर्यंत कैद, २ लाखांपर्यंत दंड किंवा दोन्ही. आणि 'मी फक्त फॉरवर्ड केला' म्हणणाऱ्यांनो, त्याच आयटी कायद्याचं कलम ६७ अश्लील मजकूर पुढे पाठवणाऱ्यालाही धरतं.

पण खरं सांगू? दारू पिऊन केलेला नाच, नवरा-बायकोचं अंगणातलं भांडण, यात अश्लील काहीच नसतं. ही कलमं तिथे थिटी पडतात. उरते अब्रुनुकसानीची केस, आणि ती कोर्टात रेंगाळेपर्यंत ठरलेलं लग्न मोडून जातं. गावात नाव जातं ते जास्त करून अशाच व्हिडिओंनी.

तुमच्यावर वेळ आलीच, तर घाबरून सगळं डिलीट करू नका. तोच तर पुरावा. लिंक, अकाउंटचं नाव, तारीख-वेळ दिसणारा स्क्रीनशॉट, एवढं ठेवा. मग त्या अ‍ॅपवर रिपोर्ट करा आणि केंद्र सरकारच्या सायबर क्राइम पोर्टलवर किंवा रायबंदरच्या सायबर पोलीस ठाण्यात तक्रार द्या.

नग्न किंवा शरीरसंबंधाचा व्हिडिओ असेल आणि वय अठराच्या वर असेल, तर 'स्टॉप एनसीआयआय' ही मोफत सेवा आहे. व्हिडिओ तुमच्या फोनमधून बाहेर जात नाही. त्याचा फक्त एक सांकेतिक ठसा जातो, आणि सहभागी कंपन्या तो ठसा जुळवून व्हिडिओ अडवतात. व्हॉट्सअ‍ॅपच्या चॅटमध्ये मात्र याचा उपयोग नाही. तिथे ग्रुप चालवणाऱ्या काकांनाच फोन लावावा लागतो.