दगडू, खुदीराम आणि ‘नाव नाही’

[दृश्य: पुणे, बुधवार पेठ. मंदिराबाहेरची रांग.]

“दगडूशेठला जाऊन आलो,” असं आपण सहज म्हणतो. त्या नावात दगड आहे, हे मनातही येत नाही. पण आपल्या आज्या-पणज्यांच्या पिढीतली नावं जरा आठवून बघा. दगडू, धोंडू, केरबा, कोंडिबा, भिकाजी, उकिर्डा. दगड, धोंडा, केर, कोंडा, भीक आणि उकिरडा. नवसासायासानं झालेल्या लेकराचं नाव कुणी उकिर्डा ठेवेल का? ठेवत होते. आणि नवसाच्याच लेकराचं ठेवत होते.

[दृश्य: अंगणात सूप. त्यात मूठभर कोंडा.]

शंभर-सव्वाशे वर्षांपूर्वी हिंदुस्थानात जन्मलेल्या दर ५ बाळांपैकी साधारण एक बाळ वर्षाचंही होत नसे. देवी, हगवण, धनुर्वात, निमित्त कोणतंही पुरायचं. ज्या घरातले दोन-तीन पाळणे असे रिकामे झाले, तिथं पुढचं मूल आलं की आनंद लपवायची पाळी येई. मग एक छोटं नाटक व्हायचं. बाळाला सुपात घालून उकिरड्यावर नेऊन ठेवायचं. ठरल्याप्रमाणे सुईण किंवा शेजारीण तिथं येणार, “अगंबाई, कुणी टाकलं गं हे?” म्हणत उचलणार, आणि आई तिला मूठभर कोंडा देऊन स्वतःचंच मूल विकत घेणार. मुलगा असेल तर कुठं कुठं त्याचं नाक टोचून नथही घालत. नथू, नथुराम ही नावं तिथली.

प्रेक्षक एकच: यम. किंवा सटवाई, किंवा दृष्ट लावणारं कुणीही. त्याला पटलं पाहिजे की ह्या घरात न्यावं असं काही नाही. ह्या पोराची किंमत कोंड्याएवढी.

अशा नावांची माणसं पुढं काय झाली बघा. १६७३ साली साठेक मावळ्यांनिशी पन्हाळा घेतला तो कोंडाजी फर्जंदानं. आणि धोंडो केशव कर्वे, म्हणजे आपले महर्षी, १०४ वर्षं जगले. शंभराव्या वर्षी भारतरत्न घेतलं.

[दृश्य: बंगाल. पितळी पातेल्यात तांदळाची कणी.]

हे नाटक फक्त आपल्याकडचं, असं वाटत असेल तर मेदिनीपूरला चला. १८८९ साल. एका घरात दोन मुलगे आधीच गेले होते. तिसरा झाला तेव्हा थोरल्या बहिणीनं तीन मुठी कणी देऊन त्याला आईकडून विकत घेतलं. तांदळाच्या कणीला बंगालीत म्हणतात खुद. म्हणून तो खुदीराम. यमाला चकवून वाचवलेला हा खुदीराम बोस ११ ऑगस्ट १९०८ रोजी मुझफ्फरपूरच्या तुरुंगात फाशी गेला, अवघ्या अठराव्या वर्षी. बंगालमध्ये मूल कवड्या देऊनही घेत. तीन कवड्या दिल्या तर नाव तिनकडी, पाच दिल्या तर पाँचकडी. भाव तेवढा वेगळा.

तेलुगूत पेंटय्या आहे. पेंट म्हणजे शेणाचा ढीग, म्हणजे आपला उकिर्डाच. आणि गूगलच्या प्रमुखांचं नाव आपण पिचाई असं म्हणतो ना? तमिळमध्ये ते पिच्चै असं लिहितात. पिच्चै म्हणजे भिक्षा. आपल्या भिकाजीचा हा सख्खा तमिळ भाऊ.

[दृश्य: मंगोलियाचं गवताळ पठार. गोल तंबू, धूर.]

मला सगळ्यांत आवडतात ती मंगोल नावं. नेर म्हणजे नाव, ग्वी म्हणजे नसलेला. नेर्ग्वी, म्हणजे ‘नाव नाही’. एनेबिश, म्हणजे ‘हा नव्हे’. खुनबिश, म्हणजे ‘माणूस नव्हे’. कल्पना करा, रात्री एखादं भूत तंबूच्या दारात येतं आणि विचारतं, कुठाय तो? आतून उत्तर येतं, “हा नव्हे.” भूत काय करणार, जातं पुढं. दगड-धोंड्यापेक्षा ही युक्ती मला जास्त चलाख वाटते.

तुर्की माणूस मात्र आडवळण घेत नाही, सरळ विनवतो. दुरसून, म्हणजे ‘राहू दे’. आणि हो, सातिलमिश नावही आहे, ‘विकलेला’! पश्चिम आफ्रिकेतल्या योरुबा घरात पुन्हापुन्हा जन्मून मरणाऱ्या मुलाला आबिकू म्हणतात. त्याचं नाव ठेवताना त्याच्याच हातापाया पडतात. मालोमो, ‘पुन्हा जाऊ नकोस’. दुरोजाये, ‘थांब, आयुष्य भोग’. पूर्व युरोपातल्या यिद्दिश बोलणाऱ्या ज्यूंनी तर तान्ह्या बाळालाच म्हातारा करून टाकलं. आल्टर, म्हणजे म्हातारा. मृत्यूचा दूत कोवळं पोर शोधत आला, तर त्याला यादीत म्हातारा सापडावा.

[दृश्य: सातारा जिल्हा. शाळेकडे जाणारी वाट. संगीत थांबतं.]

वरवर बघता ह्याच माळेत बसणारं आणखी एक नाव आपल्याकडे आहे. नकुसा. नकोशी. त्याला त्या यादीत बसवू नका. तिथं यमाशी खोटं बोललं जायचं, इथं खरं तेच बोललंय. तिसरी-चौथी मुलगी झाली की तिचं नाव नकुसा ठेवायचं, म्हणजे पुढच्या खेपेला मुलगा होतो, अशी समजूत. तुर्कीत यतेर, ‘पुरे’. चीनमध्ये मुलीचं नाव चाओदी, ‘धाकट्या भावाला बोलाव’. धोंडूला आई हाक मारायची तेव्हा ती यमानं ऐकावी म्हणून. नकुसाला मारलेली हाक ऐकायला नकुसाच असते, दिवसातून वीस वेळा. शाळेत हजेरीलासुद्धा.

ऑक्टोबर २०११ मध्ये सातारा जिल्ह्यात एक समारंभ झाला. २८५ मुली वेण्या घालून, ठेवणीतले कपडे घालून रांगेत उभ्या होत्या. प्रत्येकीला नव्या नावाचं प्रमाणपत्र मिळालं आणि एक छोटा पुष्पगुच्छ. नवी नावं वेगवेगळी. कुणी सिनेमातली ऐश्वर्या झाली, कुणी सावित्री.