मार्गरितच्या टेबलावरचा पाऊस

नमस्कार श्रोतेहो. आज ओळख मार्गरित रेन्वारची. ती फ्रेंच चित्रपटांची संकलक, म्हणजे एडिटर. जन्म १९०६चा, मूळ आडनाव उले. दिग्दर्शक झाँ रेन्वारबरोबर तिने बरीच वर्षं संसार केला. लग्न झालं नाही, पण आडनाव तिने त्याचंच लावलं.

संकलन कसं असतं, हे गोधडी शिवताना पाहिलेल्यांना सांगायला नको. कुठला तुकडा कुठे, टाका कुठे, एवढंच. १९३१च्या ‘ला शियेन’पासून १९३९च्या ‘रूल्स ऑफ द गेम’पर्यंत रेन्वारचे बहुतेक मोठे चित्रपट तिने जोडले. ‘ग्रँड इल्यूजन’सुद्धा तिचाच. श्रेयनामावलीत संकलकाचं नाव येईपर्यंत आपण खुर्चीतून उठू नये, असं माझं मत आहे. पाट मांडून जेवायला घालणारीचं नाव निदान ऐकून तरी जावं.

पण मला सांगायचीय ती पावसाची गोष्ट.

१९३६चा उन्हाळा. फ्रेंच लेखक मोपासाँची एक छोटी कथा रेन्वारने घेतली, ‘पार्ती द काँपान्य’ या चित्रपटासाठी. पॅरिसचा एक दुकानदार रविवारी बायको-मुलीला घेऊन नदीकाठी सहलीला येतो. मुलीला तिथे एक तरुण भेटतो. बस, एवढीच कथा. ल्वँ नदीच्या काठी मंडळी उतरली. सगळी दृश्यं उन्हात ठरलेली. आणि पाऊस लागला. लागला तो हटेना. काम थांबायचं, ऊन यायचं, कॅमेरा लावेपर्यंत पुन्हा सर. पैसे संपत आले. रेन्वारला पुढच्या चित्रपटावर जायचं होतं, तो गेला. पॅरिसच्या दुकानातली दृश्यं घ्यायची राहिली ती राहिलीच. चित्रपट अर्धा!

मग युद्ध. फ्रान्सवर जर्मनांचा ताबा होता त्या काळात सुरुवातीचं संकलन नष्ट झालं. निगेटिव्ह मात्र चित्रपटांचा संग्राहक आँरी लाँग्ल्वाने वाचवली. या माणसाने फ्रान्सचे कितीतरी चित्रपट असेच जपले. जुनी रिळं अडगळीत टाकणाऱ्यांचा मला फार राग येतो. घरातल्या जुन्या कॅसेटीसुद्धा टाकू नका हो.

तर निगेटिव्ह आली मार्गरितच्या टेबलावर. आता लक्षात घ्या, रेन्वार तेव्हा अमेरिकेत, मार्गरित पॅरिसमध्ये. दोघं कधीच वेगळी झालेली, त्याचा नवा संसार थाटलेला. दिग्दर्शक तिकडे, चित्रपट इकडे. विचारायला जवळ कोणी नाही. न घेतलेल्या दृश्यांच्या जागी दोन मजकूरपाट्या आल्या: एकीवर मंडळी कोण, कुठून आली ते, दुसरीवर वर्षं गेली, मुलीचं लग्न झालं, तिचे रविवार सोमवारांसारखे उदास झाले.

आणि ज्या पावसाने सगळं बुडवलं, तोच आता बघा. रेन्वारने उन्हाचा हट्ट सोडून पाऊसही टिपून ठेवला होता. बेटावर मुलगी आणि तो तरुण एकमेकांच्या मिठीत येतात. मग गवत वाकतं, ढग भरून येतात, आणि नदीवर सर कोसळते. कॅमेरा होडीतून पाण्यावरून मागे मागे धावतो. बोलणं नाही. नुसतं पाणी आणि जोझेफ कोस्माचं संगीत. तिथून थेट पुढच्या वर्षांत. मुलीचं उरलेलं आयुष्य त्या पावसातच कळतं.

१९३६ला घेतलेला चित्रपट १९४६ला लोकांपुढे आला. दहा वर्षांनी. लांबी चाळीस मिनिटं. आणि मला तो कुठेच अपुरा वाटत नाही.

पुढे मार्गरितने दिग्दर्शक झाक बेकरचे चित्रपट संकलित केले: ‘कास्क दॉर’, ‘ल त्रू’. हा बेकर त्या नदीकाठच्या चित्रपटात सहायकांपैकी एक होता. ती १९८७ साली गेली.

हा चित्रपट मिळाला, तर नदीकाठच्या खानावळीतली दृश्यं नीट बघा. खानावळीचा मालक झालाय तो स्वतः झाँ रेन्वार. तिथे वाढणारी मोलकरीण म्हणजे मार्गरित. दहा वर्षांपूर्वीची ती दोघं त्या फितीवर एकाच छपराखाली आहेत, आणि ती फीत हातात धरून तिने कापली, जोडली.