निळा त्रिकोण

श्रोतेहो, नमस्कार.

आज ५ मे. १९४५ साली याच दिवशी ऑस्ट्रियातल्या माउटहाउझेन या नाझी छळछावणीत अमेरिकी सैनिक पोहोचले. सुटकेच्या त्या दिवसांत छावणीच्या दारावर सैन्याचं स्वागत करणारा एक लांबलचक कापडी फलक झळकत होता. मजकूर होता स्पॅनिशमध्ये. ऑस्ट्रियात ही स्पॅनिश माणसं आली कुठून?

१९३९ मध्ये स्पेनमधलं यादवी युद्ध हुकूमशहा फ्रँकोने जिंकलं आणि जवळपास पाच लाख माणसं पायरेनीज पर्वत ओलांडून फ्रान्समध्ये शिरली. फ्रान्सने आर्जेलेसच्या किनाऱ्यावर काटेरी तारा ठोकल्या आणि त्यांना वाळूवर सोडलं. फेब्रुवारीची थंडी, वर छप्पर नाही. हा झाला पाहुणचार! पुढे महायुद्धात त्यांतले अनेक पुरुष फ्रेंच सैन्याच्या कामगार तुकड्यांत गेले आणि १९४० मध्ये जर्मनांच्या हाती सापडले. फ्रँकोच्या सरकारने ही आपली माणसं मानलीच नाहीत. मग छळछावणीत त्यांच्या सदऱ्यावर निळा त्रिकोण आला. त्याचा अर्थ, बिनदेशी. आणि त्रिकोणाच्या मधोमध अक्षर कोणतं? स्पेनचा 'एस'! देश नाही म्हणायचं आणि देशाचं अक्षर छातीवर शिवायचं.

सात हजारांहून जास्त स्पॅनिश माणसं माउटहाउझेनला गेली. सुमारे दोन तृतीयांश तिथेच आणि शेजारच्या गूझेनमध्ये संपली. दगडाच्या खाणीतून वर यायला १८६ पायऱ्या, पाठीवर धोंडा.

फ्रान्सिस्को बोइश हा बार्सिलोनाचा तरुण तिथल्या फोटोखोलीत कामाला होता. फोटो काढायचे छावणी चालवणाऱ्या नाझी एसएस दलाचे लोक, आपल्याच कर्तबगारीचे. बोइश आणि त्याच्या सोबत्यांनी निगेटिव्ह लपवून ठेवल्या. गावात दगडाच्या कंपनीत राबणाऱ्या पोरसवदा स्पॅनिश कैद्यांनी त्या अंगावरून बाहेर नेल्या. गावातल्या आना पॉइंटनर या बाईंनी त्या बागेच्या भिंतीत दडवल्या. कळलं असतं तर बाईंची धडगत नव्हती.

जानेवारी १९४६ मध्ये नाझी नेत्यांवरच्या न्यूरेंबर्गच्या खटल्यात बोइश साक्षीला उभा राहिला, समोर तेच फोटो. १९५१ मध्ये तो पॅरिसमध्ये वारला. वय ३०. फ्रँको सत्तेवर असताना मायदेशी जाणार कसा?

२०१९ मध्ये स्पेनच्या राजपत्रात माउटहाउझेन आणि गूझेनमध्ये मेलेल्या ४,४२७ जणांची नावं छापून आली. मृत्यूच्या नोंदीसाठी. नातेवाइकांना काही दुरुस्ती सुचवायची असेल तर मुदत होती एक महिना.