रोयणीची अळमी: वाळवीने लावलेलं, आपण तोडलेलं

नमस्कार मंडळी!

पाऊस लागून थोडे दिवस झाले की फोंड्याच्या, डिचोलीच्या, म्हापशाच्या बाजारात पानांत बांधलेल्या अळम्या, म्हणजे रानातल्या अळंब्या, दिसायला लागतात. भाव ऐकला की माणूस दोन पावलं मागे सरतो. शेकड्याला हजार रुपये, कधी त्याच्याही वर. पण श्रावण तोंडावर असतो, मासळी बंद व्हायची असते, आणि अळम्यांची शागोती डोळ्यांसमोर आली की घासाघीस फार टिकत नाही.

आज रेसिपी नाही, आधीच सांगतो. आज ही अळमी येते कुठून ते बघू.

[अळमी कॅमेऱ्याजवळ धरून]

ही बघा. छत्रीच्या मधोमध हे टोक आहे ना, ते टणक लागतं. याच टोकाने ती माती फोडून वर येते. आता खाली बघा. देठ जमिनीत शिरला की मुळासारखा निमुळता होत जातो. ओढून काढली की बहुतेक वेळा मध्येच तुटते, ही पण तुटलेलीच आहे. उरलेला भाग खाली रोयणीत, वाळवीच्या घरात राहिला.

आपण खातो ते नुसतं फळ. आंबा तोडला म्हणजे झाड हातात आलं असं नाही, तसंच. खरी बुरशी म्हणजे जमिनीतलं पांढऱ्या तंतूंचं जाळं, आणि या जातीचं जाळं वाळवी स्वतः पोसते.

कसं, ते ऐका. कामकरी वाळवी सुकी पानं, काटक्या, लाकूड कुरतडून गिळते. ते अर्धवट पचलेलं बाहेर टाकून त्याची स्पंजासारखी जाळी रचते. त्या जाळीवर टर्मिटोमायसिस नावाची बुरशी वाढते. लाकडातलं लिग्निन, म्हणजे सगळ्यात चिवट भाग, ही बुरशी फोडते. जाळीवर पांढरे बारीक गोळे धरतात, ते वाळवी खाते, आणि बुरशीने मऊ केलेली जुनी जाळीही खाते. आपण भात लावायला लागलो त्याला काही हजार वर्षं झाली. वाळवीची ही शेती साधारण तीन कोटी वर्षांची आहे!

गोव्यात सातेरी म्हणून आपण रोयण पुजतो, गाभाऱ्यात वारूळ असलेली देवळं आहेत. त्या मातीच्या पोटात काय चालतं, हे कळल्यावर माझा तरी नमस्कार जरा जास्त वाकून होतो.

आणि म्हणूनच ही अळमी शेडमध्ये पिकवता येत नाही. बटण किंवा धिंगरी भुशावर, पेंढ्यावर येते. हिला जिवंत वारूळ लागतं. रोयण मोडून प्लॉट पाडला की तिथली अळमी संपली.

आता रोयणीतून बाहेर येऊ. बुरशी वनस्पती नव्हे. ती उन्हावर अन्न बनवत नाही. तिच्या पेशींच्या भिंतीत कायटिन असतं, तेच जे सुंगटांच्या, म्हणजे कोळंबीच्या, सालीत असतं. नात्याने ती झाडांपेक्षा प्राण्यांना जवळची. सत्तरीच्या रानात पडलेला ओंडका काही वर्षांत माती होतो तो मुख्यतः बुरशीमुळे. आणि जमिनीवरच्या बहुतेक झाडांच्या मुळांशी बुरशी जोडलेली असते. ती फॉस्फरस आणि पाणी आणून देते, झाड तिला साखर देतं.

घरात बघा. यीस्ट म्हणजे एका पेशीची बुरशीच. माडाची सूर, म्हणजे माडी, काढल्यावर काही तासांत फसफसते ती यीस्टमुळे. पूर्वी पोदेर, म्हणजे पाववाले, पावाचं पीठ सुरेवरच फुगवायचे, सान्नांना, म्हणजे तांदळाच्या वाफवलेल्या इडलीसारख्या पदार्थाला, अजूनही काही घरांत सूरच लागते. काजूचा रस आंबतो तोही यीस्टमुळे, मग भट्टीवर त्याचा हुर्राक, म्हणजे पहिल्या धारेची दारू, आणि पुढे फेणी. २००९ साली फेणीला जीआय, म्हणजे भौगोलिक मानांकन, मिळालं, पण त्या कागदावर यीस्टचं नाव कोण घालणार!

औषधांचं तर विचारूच नका. १९२८ साली अलेक्झांडर फ्लेमिंगच्या बशीत पेनिसिलियम उगवली आणि तिच्या भोवतालचे जंतू मेले. त्यापासून औषध तयार केलं ते फ्लोरी आणि चेन यांच्या गटाने. तिघांना १९४५ चं नोबेल मिळालं. किडनी बदलल्यावर शरीराने ती नाकारू नये म्हणून देतात ते सायक्लोस्पोरिनही बुरशीतूनच सापडलेलं.

गुणगान पुरे. २०२१ मध्ये कोविडनंतरच्या म्युकरमायकोसिसने काय केलं ते आपण पाहिलं. कुळागरवाले, म्हणजे सुपारीच्या बागा असलेले, म्हणतील, सुपारी कुजवणाऱ्या कोळेरोगाचं काय? खरं सांगायचं तर तो बुरशीचा नव्हे. तो करणारी फायटोफ्थोरा बुरशीसारखी दिसते, पण तिचं कूळ वेगळं. मोरचूद-चुन्याचं बोर्डो मिश्रण मारायचं ते मात्र मारायचंच.

परत अळमीकडे. बाजारात कळ्यांना भाव जास्त, म्हणून छत्री उघडायच्या आतच सगळं खुडतात. पण बीजाणू सुटतात ते छत्री उघडल्यावर, खालच्या पात्यांतून. रोयणीवरची एकूण एक कळी नेली, तर त्या वर्षी तिथून बीजाणू उडालेच नाहीत. खणून काढणारे त्याहून वाईट, ते जाळीच उद्ध्वस्त करतात. मी स्वतः उमललेल्याच घेतो. चवीत मला तरी काडीचा फरक वाटत नाही.

आणि शेवटचं, हे हसण्यावारी नेऊ नका. रानातली अळमी ओळखीच्या जाणत्या माणसाकडूनच घ्या. लसूण काळी पडली तर विषारी, चांदीचं नाणं टाकून बघा, किडीने खाल्लेली म्हणजे चांगली, या सगळ्या परीक्षा खोट्या. काही अमानिटा जातींचं विष शिजवूनही जात नाही. उलट्या-जुलाब सहा ते बारा तासांनी सुरू होतात, मग एखादा दिवस बरं वाटतं, आणि तोवर यकृत बिघडत असतं. म्हणून बरं वाटलं तरी थांबू नका. उरलेली अळमी पिशवीत घाला आणि सरळ हॉस्पिटल गाठा.