खडकाच्या पोटातली चित्रं

[सरकता जिना. खाली उतरणारी गर्दी. सुरुवातीला फक्त जिन्याची घरघर.]

सकाळचे साडेसात. स्टॉकहोमचं टी-सेंट्रालेन स्थानक. इथल्या मेट्रोला स्वीडिश लोक 'टुनेलबाना' म्हणतात. तिच्या तीन मार्गिका, हिरवी, लाल आणि निळी. तिन्ही एकत्र येतात ते हे एकमेव ठिकाण. हिरवी आणि लाल त्यातल्या त्यात वर आहेत. निळीसाठी अजून खाली जायचं.

[जिना संपतो. कॅमेरा हळूच वर.]

हे छत. पांढऱ्या खडकावर निळ्या वेली, हाताएवढी पानं, आणि खडकाचा मूळ उंचसखलपणा तसाच. १९७५ साली चित्रकार पेर ओलोफ उल्ट्वेट यांनी हे रंगवलं. इथे माणसं धावतपळत गाडी बदलतात, त्यांच्या डोळ्यांना घटकाभर विसावा मिळावा म्हणून त्यांनी निळा रंग घेतला.

जरा पुढे, कमानीवर बघा. निळ्या सावल्या दिसतात. कुणी सुतार, कुणी वेल्डर, कुणी खडक फोडणारा. हे स्थानक ज्यांच्या हातांनी उभं राहिलं, त्या माणसांच्या आकृत्या चित्रकाराने थेट छतावर नेऊन ठेवल्या. रोज हजारो माणसं त्यांच्याखालून जातात.

[निवेदन थांबतं. पाच-सहा सेकंद फक्त सावल्या.]

या मेट्रोची स्थानकं बरोबर शंभर. त्यांपैकी नव्वदहून अधिक स्थानकांत कायमस्वरूपी कलाकृती आहेत. दीडशेहून जास्त कलावंतांनी त्या केल्या. हे बघायला वेगळं तिकीट लागत नाही. कामावर जायचं जे तिकीट, तेच.

[जुनी फरशी. हिरव्या मार्गिकेचा फलाट.]

सुरुवात मात्र साधी होती. १ ऑक्टोबर १९५० रोजी स्लुसन ते होकारेंगेन ही पहिली मार्गिका सुरू झाली. तिचा शहरातला तुकडा खरं तर आणखी जुना, १९३३ सालचा, ट्रामसाठी खणलेला बोगदा. भिंतींना फिकट रंगाच्या चौकोनी फरश्या, धुवायला सोप्या. लोकांनी अशा स्थानकांना 'न्हाणीघर' असं नाव पाडलं.

एक गोष्ट गाडी येताना नीट पाहा. ती डाव्या बाजूने येते. स्वीडनमध्ये तेव्हा रस्त्यावरची वाहनंही डावीकडून चालायची. ३ सप्टेंबर १९६७ रोजी सगळा देश एका रात्रीत उजवीकडे वळला. मेट्रो मात्र डावीकडेच राहिली.

न्हाणीघरातून चित्रांपर्यंतचा प्रवास आपोआप झालेला नाही. १९५०च्या दशकात वेरा निल्सॉन आणि सिरी डेर्कर्ट या दोन चित्रकार बायकांनी हा विषय लावून धरला. कलेने श्रीमंतांच्या दिवाणखान्यातून उठावं आणि कामकरी माणसाच्या वाटेवर येऊन उभं राहावं, हा त्यांचा आग्रह. शहराच्या परिषदेत ठराव आला, स्पर्धा झाली, आणि १९५७ साली टी-सेंट्रालेन उघडलं तेव्हा तिथे कलावंतांचं काम भिंतींवर आणि खांबांवर होतं. सार्वजनिक पैशातून. एवढं होण्यासाठी दोन कलावंतांना वर्षानुवर्षं बोलत राहावं लागलं, हे ही चित्रं बघताना ध्यानात असलं पाहिजे.

[ओस्टरमाल्मस्टोर्य. काँक्रीटच्या भिंतीवरून कॅमेरा आडवा सरकतो.]

डेर्कर्ट यांची स्वतःची भिंत ही. लाल मार्गिकेवरचं ओस्टरमाल्मस्टोर्य, १९६५. तेव्हा त्यांनी पंचाहत्तरी ओलांडली होती. रंग नाही, कुंचला नाही. दाबाने वाळूचा मारा करून काँक्रीटचा वरचा थर उडवायचा आणि रेघ आत कोरायची. रेघ बघा, शाळकरी मुलीने वहीच्या समासात काढावी तशी मोकळी.

विषय स्त्रियांचे हक्क, शांतता, निसर्ग. मध्येच कवयित्री-लेखिकांची नावं येतात, सॅफो, व्हर्जिनिया वूल्फ, सिमोन द बोव्हार. मध्येच गाण्याची स्वरलिपी. आणि हे स्थानक बांधलं होतं अणुयुद्धात आसरा घेता यावा म्हणून. ज्या काँक्रीटने बॉम्ब सोसायचा, त्याच काँक्रीटवर या बाईने शांतता कोरली.

[फलाटावर एक आजी बाकावर बसलेल्या. मागे कोरीव चेहरा. निवेदन नाही.]

[निळी मार्गिका. बोगद्यातून चालकाच्या खिडकीतून दिसणारा खडक.]

आता खडकाकडे येऊ, कारण पुढचं सगळं त्याच्यावर उभं आहे.

स्टॉकहोमच्या खाली ग्रॅनाइट आणि नाइस, कोट्यवधी वर्षांचा टणक पाषाण. यात बोगदा काढायचा तर खडकाच्या तोंडावर आधी ठरलेल्या आखणीने खोल भोकं पाडायची. त्यांत दारू ठासायची. सुरुंग उडवायचा. धूर निघून जाईपर्यंत थांबायचं. मग राडारोडा उपसायचा, आणि छताला लोंबणारे सुटे दगड एकेक करून पाडायचे. तडा दिसेल तिथे लांब पोलादी सळया आत ठोकायच्या. मग पुन्हा भोकं, पुन्हा सुरुंग. काही मीटर पुढे सरकलं की ही सगळी फेरी पहिल्यापासून.

आणि मग येतं शॉटक्रीट. पाइपाच्या तोंडातून जोराने फवारलेलं काँक्रीट. ते खडकावर जाऊन चिकटतं आणि खडक जसा असेल तसाच आकार घेतं. खळगा असेल तिथे खळगा, फुगवटा असेल तिथे फुगवटा. आतल्या पाझराला वाट काढून दिलेली असते, नाहीतर पाणी थर फोडून बाहेर येईल.

पूर्वी एवढं झालं की आतून सरळ भिंती आणि सपाट छत बांधून खडक झाकून टाकत. १९७०च्या दशकात तो झाकायचाच नाही असं ठरलं. खर्च वाचला, हे खरं. पण त्यामुळे हाती आली ती भलीमोठी गुहा. मराठीत तिला लेणं म्हणावंसं वाटतं. शिवाय निळ्या मार्गिकेच्या वेळी कलावंताला काम संपल्यावर बोलावलं नाही. वास्तुरचनाकार आणि चित्रकार पहिल्यापासून एकत्र बसले. जिना कुठे उतरणार, दिवा कुठे लागणार, रंग कुठून सुरू होणार, सगळं एकाच टेबलावर ठरलं. चांगल्या सार्वजनिक कामाची हीच रीत असायला हवी.

[सोल्ना सेंट्रुम. सरकत्या जिन्यावरून खाली, लाल छत.]

सोल्ना सेंट्रुम, १९७५. वर लाल, खाली हिरवं. कार्ल-ऊलोव ब्योर्क आणि आंदेश ओबेर्य या दोघांचं काम. लाल म्हणजे मावळतीचं आकाश, हिरवं म्हणजे स्प्रूस या सूचिपर्णी झाडांचं रान. हे रान फलाटाच्या दोन्ही अंगांनी एक किलोमीटर चालतं.

पर्यटक जिन्याचा फोटो काढून परततात. थांबून फलाटावर चाललं तर गोष्ट उलगडते. रान तोडलं जातंय. खेडी ओस पडताहेत. १९७०च्या दशकात स्वीडनमध्ये ज्यावर घरोघरी वाद होत होते, ते सगळं या भिंतीवर आहे. माणसं रोज ते बघत कामावर गेली.

[झाडांची तळाची ओळ, अगदी जवळून. गाडी येते, चित्र झाकलं जातं, गाडी जाते.]

[खिडकीतून. उजेड, झाडी, एक रिकामा फलाट झपकन मागे पडतो.]

हा शिमलिंगे. निळ्या मार्गिकेवर बांधलेला, पण कधीच न उघडलेला फलाट. आसपास वस्ती होणार होती, ती झाली नाही. शिमलिंगेला फक्त मेलेली माणसं उतरतात, अशी म्हण शहरात आहे. गाडी थांबत नाही.

[कुंगस्ट्रेगोर्डन. लांब जिना. ओल्या भिंती.]

निळ्या मार्गिकेचं शहरातलं टोक, कुंगस्ट्रेगोर्डन. १९७७. जमिनीखाली तीस मीटरहून जास्त, स्टॉकहोममधलं सगळ्यांत खोल स्थानक. इथे उल्रिक सामुएल्सॉन यांनी वरच्या बागेची जुनी आठवण खाली आणून मांडली. वर पूर्वी माकालोस नावाचा राजवाडा होता, १८२५ साली तो जळाला. त्याच्या शिल्पांच्या प्रतिकृती फलाटावर उभ्या आहेत. जमिनीवर लाल, पांढऱ्या, हिरव्या पट्ट्यांची नक्षी, बागेतल्या वाफ्यांसारखी.

काही ठिकाणी खडक उघडाच ठेवला आहे. त्यावरून पाणी झिरपतं. त्या पाण्यावर शेवाळ धरलं आहे, आणि अंधारात राहणारा एक इवलासा कोळीही इथे वस्तीला आहे. ओल दिसली, तो राहिला.

[पाण्याचा थेंब. पुन्हा थेंब. मागे दगडी चेहरा.]

[टेन्स्टा. पांढऱ्या भिंतीवर फुलं, प्राणी.]

दुसऱ्या टोकाला जाताना वाटेत टेन्स्टा. १९६५ ते १९७४ या दहा वर्षांत स्वीडनने दहा लाख घरं बांधली. टेन्स्टा त्यांतलंच, आणि निळी मार्गिका अशाच वस्त्यांना शहराशी जोडायला आली. दूरदेशीची माणसं इथे राहायला आली. चित्रकार हेल्गा हेन्शेन यांनी या स्थानकाला 'स्थलांतरितांसाठी एक गुलाब' म्हटलं. झाडं, पानं, पक्षी, आणि बंधुभावाचा शब्द अनेक भाषांत लिहिलेला. बाहेरून आलेल्या माणसाचं घराच्या उंबऱ्यावर व्हावं तसं स्वागत, तेही सरकारी भिंतीवर!

पुढे शहर आणि या वस्त्या यांच्यातलं अंतर वाढत गेलं, त्यावर आजही तिथे वाद चालू आहेत.

[एक मूल आईचा हात धरून भिंतीवरच्या अक्षरांवरून बोट फिरवतं. निवेदन नाही.]

[आजचं बांधकाम. पिवळी जाकिटं, ड्रिलचा आवाज.]

पूर्वेला नाका नावाच्या उपनगराकडे आणि वायव्येला बारकारबीकडे नव्या बोगद्यांचं काम हाती घेतलं आहे. तोच खडक, तीच भोकं, तोच सुरुंग. नव्या स्थानकांसाठी कलावंत बांधकाम संपायच्या कितीतरी आधी निवडले गेले आहेत. ते आराखड्यांवर काम करताहेत.

[ताजं फवारलेलं काँक्रीट. राखाडी, ओलं, अजून रंग नसलेलं. ड्रिल थांबतं.]