आधी सूर, मग कात्री

(पडद्यावर: संकलनाचं टेबल, फिल्मची रिळं)

प्रसंग रेंगाळला की कापायचा, घाईचा वाटला की एखादी नजर थोडी जास्त ठेवायची. संकलकाची सगळी सत्ता वेळेवर. ऑपेरात, म्हणजे सगळं गाऊन सांगणाऱ्या पाश्चात्त्य संगीतनाटकात, ती सत्ताच जाते, कारण वेळ संगीतकारानं आधीच ठरवलेली असते.

ब्रिटिश संकलक रेजिनाल्ड मिल्स या अडचणीशी पुन्हा पुन्हा भिडले. मायकेल पॉवेल आणि एमरिक प्रेसबर्गर या दिग्दर्शक जोडीचे ते हक्काचे संकलक. 'ब्लॅक नार्सिसस'ची गोष्ट हिमालयातली, शूटिंग मुख्यतः इंग्लंडच्या पाइनवूड स्टुडिओत. त्यातला शेवटचा थरार आधी रचलेल्या संगीतावर चित्रित झाला. १९४८चा 'द रेड शूज' बॅलेचा, म्हणजे पाश्चात्त्य नृत्यनाट्याचा. त्याच्या संकलनाला ऑस्कर नामांकन मिळालं. ऑस्कर मात्र 'द नेकेड सिटी' या पोलीसपटानं नेली.

(पडद्यावर: 'द टेल्स ऑफ हॉफमन', १९५१)

मग आला संगीतकार ऑफेनबाखचा हा ऑपेरा. वाद्यवृंद-संचालक सर टॉमस बीचम यांनी रॉयल फिलहार्मोनिक ऑर्केस्ट्रासह संगीत आधी रेकॉर्ड केलं, आणि सेटवर त्यावर ओठ हलले. प्लेबॅकचं आपल्याला काय कौतुक! पण आपलं गाणं पाच मिनिटांत आटोपतं. इथे दोन तास गाणंच. शिवाय प्रमुख कलाकारांत स्वतःच्या गळ्यानं गाणारे दोघंच, रॉबर्ट राउंसव्हिल आणि ॲन एयर्स. ऑलिम्पिया ही चावीची बाहुली नाचतात मोइरा शिअरर, गातात डोरोथी बॉन्ड.

सेटवर आवाज टिपायचाच नसल्यानं कॅमेऱ्यावर आवाज दाबणारी अवजड पेटी नको होती. तो मोकळा फिरला. त्याचा हिशेब टेबलावर जुळवायचा मिल्सनी.

३५ मिलिमीटर फिल्मच्या एका फुटात १६ फ्रेम, सेकंदाला २४. ओठ थोड्याशा फ्रेमनी मागे पडले तरी खोटेपणा उघडा. सूर ओढून-ताणून जमवायचा नाही. मग हातात उरतं काय? या सुराला प्रेक्षकानं कुणाकडे बघायचं, गाणाऱ्याकडे की ऐकणाऱ्याकडे, एवढंच. ऑलिम्पियाची चावी संपत येते तसा सूर घसरतो, बाहुली वाकते. चावी दिली की दोन्ही पुन्हा वर. सगळी गंमत ठेक्यावर. कट जरा उशिरा पडला की हसू गेलं. पुढे तिची मोडतोड होते, डोकं एकीकडे, पाय दुसरीकडे, आणि संगीत थांबत नाही. माझ्या मते मिल्सचं सगळ्यात धीट काम हेच.

१९५५मध्ये त्यांनी योहान स्ट्राउसच्या ऑपेरेट्यावरचा (हलक्याफुलक्या ऑपेरावरचा) 'ओ... रोझालिंडा!!' संकलित केला. पुढे जोसेफ लोझींचा 'द सर्व्हंट', १९६८मध्ये फ्रँको झेफिरेल्लींचा 'रोमिओ अँड ज्युलिएट'. झेफिरेल्ली मूळचे ऑपेराच्या रंगमंचावरचे, तेव्हा जोडी जमणारच होती. १९७१मध्ये मिल्स स्वतः दिग्दर्शक झाले: बिअट्रिक्स पॉटरच्या गोष्टींवरचा बॅलेपट, नृत्यरचना फ्रेडरिक ॲश्टन यांची.

(पडद्यावर: 'ला त्राविआता', १९८२)

झेफिरेल्लींनी व्हेर्दींचा हा ऑपेरा पडद्यावर आणला तेव्हा संकलनाला पीटर टेलर होते. त्यांच्या खात्यावर ऑस्कर होतं, ते 'द ब्रिज ऑन द रिव्हर क्वाय' या युद्धपटाचं.